संगणक खोलीतली डेस्कटॉप सफाई : कामाच्या नोंदी

सोमवार, ३ नोव्हेंबर २०२५

आजपासून ही वही सुरू. हे काम का काढलं तेही लिहून ठेवते, नाहीतर महिन्याभरानं कारणच विसरायला होईल.

सोलापुरात अशोक चौकाच्या अलीकडच्या आमच्या वाचनालयात मागच्या बाजूला संगणक खोली आहे. नऊ संगणक, एक प्रिंटर, दोन पंखे आणि खिडकीबाहेर दिवसभर यंत्रमागांचा खडखडाट. येणारी मंडळी ठरलेली. शासकीय टंकलेखन परीक्षेचा सराव करणाऱ्या मुली, स्पर्धा परीक्षेची मुलं, शिष्यवृत्तीचे फॉर्म भरणारे विद्यार्थी, पीएफचं पासबुक बघायला येणाऱ्या विडी कामगार बायका. बहुतेकांच्या घरी संगणक नाही. फोन आहे, पण पाच पानांचा फॉर्म फोनवर भरताना जीव मेटाकुटीला येतो.

दुपारी अकरावीतली एक मुलगी आईला घेऊन फॉर्म भरायला आली आणि क्रमांक ४ वर बसली. इंटरनेट समजून तिनं ज्या आयकॉनवर क्लिक केलं ते भलतंच निघालं. पडदाभर लाल खिडकी, भराभर वाढणारा आकडा, ‘तुमच्या संगणकात ९१२ दोष सापडले’ अशा अर्थाची इंग्रजी ओळ आणि खाली पैसे भरायचं हिरवं बटण. मुलीनं माउसवरचा हात काढून मांडीवर ठेवला. आई शेजारच्या खुर्चीवरून उठली, माझ्याजवळ आली आणि हळूच म्हणाली, “ताई, पोरीकडनं काय बिघडलं काय? किती भरावं लागंल?” बोलताना तिचा हात कमरेचा बटवा चाचपत होता.

काही बिघडलं नव्हतं. एक रुपयाही भरायचा नव्हता. खिडकी बंद केली, फॉर्म भरून घेतला, पावती छापून दिली. पण हजार विड्या वळल्यावर मजुरी हातात पडते अशा बाईला आमच्या खोलीत पाच मिनिटं तरी तो घोर लागला, हे मला सोसलं नाही.

त्या दोघी गेल्यावर नऊही संगणकांवरचे आयकॉन मोजले. क्रमांक १ वर ४२, २ वर ३७, ३ वर ४४, ४ वर ६१, ५ वर ३९, ६ वर ५२, ७ वर २८, ८ वर ४७, ९ वर ३६. एकूण ३८६. क्रमांक ४ वर तर मागच्या भिंतचित्राचा ठिपकाही दिसत नाही.

ज्याला संगणकाची सवय आहे तो डेस्कटॉपकडे बघतही नाही. पण जो पहिल्यांदा माउस धरतो त्याला डेस्कटॉप म्हणजेच संगणक. त्या ६१ चित्रांतलं आपलं कोणतं, हे त्याला कळायला हवं. काम एवढंच आहे.

मंगळवार, ४ नोव्हेंबर

कशालाही हात लावण्याआधी नऊही पडद्यांचे फोनवर फोटो काढले. मदतीला बीसीएच्या दुसऱ्या वर्षाचा एक मुलगा येतो. त्याला थेट सगळं निवडून डिलीट करायचं होतं. थांबवलं.

डेस्कटॉपवर दिसणारं सगळं एका जातीचं नसतं. काही चित्रं शॉर्टकट असतात, काही खऱ्या फायली आणि फोल्डर असतात, आणि ‘धिस पीसी’, ‘रिसायकल बिन’ ही विंडोजची स्वतःची चिन्हं असतात. शॉर्टकटच्या डाव्या कोपऱ्यात छोटा वळणदार बाण असतो, पण तेवढ्यावर भरवसा ठेवू नये. बाण दिसू नये अशी सोय करता येते, आणि क्रमांक ८ वर कुणीतरी ती करून ठेवली होती. खात्रीचा मार्ग म्हणजे राइट-क्लिक करून प्रॉपर्टीज उघडायचं. आत ‘शॉर्टकट’ नावाचा टॅब असेल आणि ‘टार्गेट’समोर पत्ता असेल तर तो शॉर्टकट. असल्या फाइलचं आकारमान एक-दोन केबीच असतं. तिचं खरं आडनाव, म्हणजे नावाच्या शेवटी टिंबानंतर येणारी अक्षरं, ‘डॉट एलएनके’ आहे, पण फायलींची आडनावं दाखवा असं विंडोजला सांगितलं तरी हे आडनाव तो लपवूनच ठेवतो. वेबसाइटचा शॉर्टकट वेगळा, त्याचं आडनाव ‘डॉट यूआरएल’.

मुलाला समजावताना वडिलांच्या गोदामाची आठवण झाली. ते अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेल कारखान्यात गोदाम सांभाळायचे. दाराशी एक फळी आणि तिच्यावर खिळ्यांना अडकवलेल्या चिठ्ठ्या. कोणतं डिझाइन, कितव्या रांगेत, कोणत्या थरात. चिठ्ठी फाडली म्हणून गठ्ठा नाहीसा होत नाही, तो रांगेत तसाच जागा अडवून बसतो. उलट गठ्ठा ट्रकमध्ये चढून गेला तरी चिठ्ठी काढायची राहिली तर ती वर्षभर लटकते आणि नव्या हमालाला रिकाम्या रांगेत हिंडवते. शॉर्टकटचं हुबेहूब हेच. तो पुसला तरी प्रोग्राम संगणकातच राहतो, आणि प्रोग्राम गेला तरी शॉर्टकट मागं राहू शकतो.

क्रमांक ४ ची वर्गवारी : शॉर्टकट ४३, खऱ्या फायली व फोल्डर १५, विंडोजची चिन्हं ३. त्या ४३ पैकी ११ चिठ्ठ्यांचा गठ्ठा केव्हाच गेलेला.

बुधवार, ५ नोव्हेंबर

त्रिपुरी पौर्णिमा, गुरु नानक जयंतीची सुट्टी. वाचनालय बंद. किल्ली घेऊन मी आणि मुलगा दोघंच आलो.

क्रमांक ४ वरचे काही शॉर्टकट सहज हलले, काहींना हात लावताच व्यवस्थापकाची, म्हणजे संगणकाच्या ‘अ‍ॅडमिनिस्ट्रेटर’ खात्याची, परवानगी मागितली गेली. कारण आपल्याला जो एक डेस्कटॉप दिसतो तो दोन फोल्डर मिळून बनलेला असतो. एक त्या त्या खात्याचा, आणि दुसरा सगळ्या खात्यांचा सामाईक. हा दुसरा सी ड्राइव्हमध्ये ‘युजर्स’च्या आत ‘पब्लिक’मध्ये असतो, तोही लपवलेला. विंडोज आणि आर ही बटणं एकत्र दाबून ‘शेल:कॉमन डेस्कटॉप’ असं टाइप केलं की थेट उघडतो. सगळ्यांसाठी म्हणून जे प्रोग्राम बसतात, ते आपला शॉर्टकट तिथं ठेवतात. म्हणूनच तो साध्या खात्यातून पुसता येत नाही, आणि व्यवस्थापकानं पुसला की सगळ्यांच्याच डेस्कटॉपवरून जातो. एवढं समजून घ्यायला अर्धा तास गेला, पण पुढच्या सगळ्या कामाचा पाया हाच आहे.

काहीही पुसायचं नाही असं ठरवलं. प्रत्येक संगणकावर डी ड्राइव्हमध्ये ‘जुने शॉर्टकट’ नावाचा फोल्डर केला, काढलेलं सगळं महिनाभर तिथं राहील. ही युक्ती माझी नाही. विंडोज एक्सपीमध्ये दर ६० दिवसांनी एक मदतनीस उगवायचा आणि न वापरलेले शॉर्टकट डेस्कटॉपवरच्याच एका वेगळ्या फोल्डरमध्ये नेऊन ठेवू का, असं विचारायचा. पुसायचा नाही, बाजूला ठेवायचा. पुढच्या आवृत्तीत तो काढून टाकला. मला तो आवडायचा.

संध्याकाळपर्यंत मेलेले आणि दुबार शॉर्टकट नऊही संगणकांवरून हलवले. क्रमांक ६ वर नुसतंच ‘न्यू शॉर्टकट’ नाव असलेली चार चित्रं होती, तीही हलवली.

गुरुवार, ६ नोव्हेंबर

आज चिठ्ठ्या सोडून गठ्ठ्यांकडे. नको असलेला प्रोग्राम आधी काढायचा आणि मग त्याचा शॉर्टकट, हाच क्रम. शॉर्टकट आधी पुसला तर दोष शोधणारी ती लाल खिडकी संगणकात बसूनच राहते आणि सुरू होताना आपोआप उघडते, फक्त ती कुठून आली ते दिसेनासं होतं.

विंडोज आणि आर दाबून ‘अ‍ॅपविझ डॉट सीपीएल’ टाइप केलं की बसवलेल्या प्रोग्रामची जुन्या पद्धतीची यादी येते. ती मी नेहमी तारखेप्रमाणे लावते. एकाच तारखेला चार-पाच अनोळखी नावं दिसली की समजायचं, एकाच्या पाठीवर बसून बाकीची आत आली. क्रमांक ४ वर अगदी तसंच निघालं. जून महिन्यातल्या एका दिवशी प्रिंटरचा ड्रायव्हर बसवलेला, आणि त्याच दिवशी दोन ‘क्लीनर’, एक ‘ड्रायव्हर अपडेटर’, एक ब्राउझरला चिकटून कूपन दाखवणारं एक्स्टेन्शन आणि एक पीडीएफ बदलणारं काहीतरी. कुणीतरी घाईत ड्रायव्हर प्रिंटर कंपनीच्या साइटऐवजी शोधात वर आलेल्या दुसऱ्याच साइटवरून उतरवला असणार, आणि ‘नेक्स्ट, नेक्स्ट’ करत गेला असणार. बसवताना ‘कस्टम’ किंवा ‘अ‍ॅडव्हान्स्ड’ निवडलं तर आधीच मारून ठेवलेल्या बरोबरच्या खुणा दिसतात आणि त्या काढता येतात. ‘शिफारस केलेलं’ निवडलं की त्या दिसतही नाहीत.

अनइन्स्टॉल करताना एका क्लीनरनं शेवटच्या खिडकीत मोठं रंगीत बटण ‘ठेवा’साठी दिलं होतं आणि काढून टाकण्याचा पर्याय खाली, फिकट राखाडी अक्षरात. मुलानं पहिल्यांदा चुकून रंगीतच दाबलं. त्याचा दोष नाही, ते बटण त्यासाठीच तसं रंगवलेलं असतं. सावकाश वाचून दुसऱ्यांदा काढलं.

साडेतीनला वीज गेली, पाचला आली. उरलेलं उद्या.

जाण्याआधी भिंतीवर मोठ्या अक्षरात एक कागद लावला : ‘संगणकानं पैसे मागितले तर भरू नका, पडद्यावरच्या नंबरला फोन करू नका, आधी ताईंना बोलवा.’ खाली सायबर फसवणुकीच्या तक्रारीचा सरकारी क्रमांक, १९३०. हा आकडा सोलापुरात कुणाला पाठ करायला लावायला नको. १९३० च्या मे महिन्यात इथं मार्शल लॉ लागला होता, ते आमच्याकडे शाळेतल्या पोरालाही ठाऊक असतं.

शनिवार, ८ नोव्हेंबर

काल उरलेले प्रोग्राम काढून झाले होते. आज सकाळी क्रमांक ४ सुरू केला तर दोन शॉर्टकट परत जागच्या जागी.

मुलगा हिरमुसला. मला मात्र आता खरं मूळ सापडणार असं वाटलं. शोधण्याच्या जागा तीन. टास्क मॅनेजरमधला ‘स्टार्टअप’ टॅब, स्टार्टअपचा फोल्डर आणि ठरलेल्या वेळी कामं आपोआप चालवणारा टास्क शेड्युलर. पहिल्या दोन्हीत काही नव्हतं. टास्क शेड्युलरमध्ये एक काम सापडलं, नाव असं की कुणाला विंडोजचंच वाटावं. रोज लॉगिन झाल्यावर चालायचं आणि खात्याच्या ‘अ‍ॅपडेटा’ नावाच्या लपलेल्या फोल्डरमधली एक फाइल उठवायचं. प्रोग्राम गेला होता, पण हा रखवालदार मागं ठेवून. काम आधी ‘डिसेबल’ केलं, संगणक दोनदा बंद-चालू करून पाहिला, शॉर्टकट आले नाहीत, मगच ते काम आणि ती फाइल काढली. त्यानंतर विंडोज डिफेंडरचं पूर्ण स्कॅन लावलं. दीड तास चाललं, दोन गोष्टी आणखी सापडल्या.

दुसरी भानगड ब्राउझरच्या शॉर्टकटची. ब्राउझर उघडला की आपलं नेहमीचं पान न येता कुठलंतरी भलतंच शोधपान यायचं. सेटिंगमध्ये सगळं ठीक. मग शॉर्टकटच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘टार्गेट’ची ओळ शेवटपर्यंत नेऊन पाहिली. प्रोग्रामचा पत्ता ‘डॉट ईएक्सई’ आणि अवतरणचिन्हापाशी संपायला हवा, त्याच्यापुढे एक जागा सोडून एका वेबसाइटचा पत्ता चिकटवलेला. चिठ्ठीवर खऱ्या रांगेचा नंबर, आणि खाली बारीक अक्षरात ‘जाताना अमक्याच्या दुकानावरून जा’. टार्गेटची ओळ इतकी लांब असते की शेवट चौकटीबाहेर राहतो आणि दिसतच नाही. ‘एंड’ बटण दाबावं लागतं. चिकटवलेला भाग पुसला, झालं. टास्कबारवरचा आणि स्टार्ट मेन्यूतला शॉर्टकट मात्र वेगळा असतो, तोही असाच तपासावा लागतो. क्रमांक ४ आणि ८ वर तिन्ही ठिकाणी हे होतं.

सोमवार, १० नोव्हेंबर

आजची नोंद मोठी आहे, कारण आज माझी चूक झाली.

अकराच्या सुमाराला साखर पेठेतल्या एक अक्का आल्या. वय साठीच्या पुढं, पस्तीस वर्षं विड्या वळल्या. त्यांना तेलुगू थोडं वाचता येतं, मराठी बोलता येतं पण अक्षरं लागत नाहीत, इंग्रजीचा प्रश्नच नाही. तरी दर दोन-तीन महिन्यांनी त्या एकट्या येतात, क्रमांक ६ वर बसतात, पीएफचं पान उघडतात आणि मग फक्त पासवर्ड टाकायला नातीनं लिहून दिलेला कागद माझ्यापुढं धरतात. पान उघडण्यापर्यंतचं सगळं त्यांचं त्या करतात, आणि त्याचा त्यांना अभिमान आहे.

आज त्या बसल्या, क्लिक केलं, आणि टंकलेखनाचा सराव उघडला. बंद केला. पुन्हा क्लिक, पुन्हा तेच. मग पडद्याकडे बघत राहिल्या. मी जवळ गेले तर म्हणाल्या, “ताई, माझं निळं कुठं गेलं? भिंतीकडच्या ओळीत वरून तिसरं. तिसरंच दाबलं मी.”

वरून तिसरं म्हणजे मी पाच तारखेला हलवलेल्या चार ‘न्यू शॉर्टकट’पैकी एक. पूर्वीच्या कुणा कार्यकर्त्यानं त्यांच्यासाठी पासबुकाच्या साइटचा शॉर्टकट करून दिला होता आणि त्याला नाव द्यायचं राहून गेलं होतं. मी नाव बघितलं आणि कचरा ठरवला. प्रॉपर्टीज उघडून पत्ता पाहिला असता तर कळलं असतं. सगळ्या जगाला सांगत होते प्रॉपर्टीज बघा, आणि त्या चारांच्या बाबतीत मीच बघितलं नाही.

एवढ्यावर भागलं नाही. डेस्कटॉपवर ‘ऑटो अरेंज आयकॉन्स’ चालू होतं. ते चालू असलं की मधलं एक चित्र काढल्यावर खालची सगळी वर सरकतात. म्हणजे अक्कांचं निळं तर गेलंच, शिवाय त्याच्या जागी दुसरंच येऊन बसलं. त्यांनी बरोबर तिसरं दाबलं होतं. जागा मी बदलली होती.

‘जुने शॉर्टकट’ फोल्डर होता म्हणून अर्ध्या मिनिटात परत ठेवता आलं. पुसून टाकलं असतं तर मला तो पत्ता पुन्हा शोधावा लागला असता आणि अक्का तेवढा वेळ तशाच बसून राहिल्या असत्या. त्यांची माफी मागितली. त्या म्हणाल्या, “असू दे, तुम्ही झाडू मारायला घेतलाव, होतं तसं.” पासबुक पाहिलं, आकडा कागदावर लिहून घेतला आणि गेल्या.

आजपासून नवीन नियम. नऊही संगणकांवर ऑटो अरेंज बंद, ‘अलाइन आयकॉन्स टू ग्रिड’ तेवढं चालू, म्हणजे ओळी सरळ राहतात पण कुणी आपली जागा सोडत नाही. आणि प्रत्येक संगणकाला दोऱ्यानं एक छोटी वही बांधली. बसणाऱ्यानं त्या दिवशी कशावर क्लिक केलं ते लिहायचं. लिहिता येत नसेल त्याचं मी किंवा मुलगा विचारून लिहू. वह्या भरल्याशिवाय एकही आयकॉन हलणार नाही.

बुधवार, १२ नोव्हेंबर

वेगळंच प्रकरण. पॉलिटेक्निकचा एक मुलगा पेन ड्राइव्ह घेऊन धावत आला. “मॅडम, सगळे फोल्डर शॉर्टकट झालेत. प्रोजेक्ट गेला.” दोन ठिकाणी प्रिंट काढून आला होता, त्यातल्याच एका संगणकावरून लागण झाली असावी. याला आपल्याकडे सरसकट ‘शॉर्टकट व्हायरस’ म्हणतात आणि झेरॉक्सच्या दुकानात जाणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाला तो कधी ना कधी भेटलेला असतो.

पहिलं म्हणजे कशावरही डबल-क्लिक करू दिलं नाही. पेन ड्राइव्हवर सहा जीबी भरलेली दिसत होती, पण आत फक्त चार चिन्हं, प्रत्येकी दोन केबी. यातच उत्तर आहे. फायली गेलेल्या नसतात, लपवलेल्या असतात, आणि त्यांच्या नावांचे खोटे शॉर्टकट पुढं मांडलेले असतात. त्या शॉर्टकटचं टार्गेट बघितलं तर फोल्डर नसतोच, विंडोजचाच एखादा आज्ञा चालवणारा प्रोग्राम असतो आणि त्यापुढे एका लपलेल्या स्क्रिप्टचं नाव. क्लिक केलं की आधी स्क्रिप्ट चालते, मग खरा फोल्डरही उघडतो, त्यामुळे माणसाला शंका येत नाही. पूर्वी पेन ड्राइव्ह लावला की आतलं आपोआप सुरू व्हायचं. २०११ पासून जुन्या विंडोजवरही अपडेटनं ते बंद झालं. तेव्हापासून असल्या किड्यांना आपल्याच हातून क्लिक करून घेणं भाग पडतं.

शॉर्टकटमधली २०१० सालच्या ‘स्टक्सनेट’ नावाच्या संगणक-किड्याची वाट याहून भयंकर होती. तिथं क्लिकही लागत नव्हतं, शॉर्टकटचं चित्र पडद्यावर दिसलं तरी पुरे व्हायचं. त्या भोकाला त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ठिगळ मिळालं.

आधी स्कॅन केलं, स्क्रिप्ट सापडली आणि काढली गेली. मग कमांड प्रॉम्प्टमध्ये पेन ड्राइव्हच्या अक्षरावर जाऊन ‘अ‍ॅट्रिब, वजा एच, वजा आर, वजा एस, तिरकी रेघ एस, तिरकी रेघ डी’ ही आज्ञा दिली. लपवण्याच्या, फक्त वाचण्याच्या आणि ‘सिस्टिम’च्या खुणा सगळ्या फायली-फोल्डरवरून उतरतात. चारही फोल्डर समोर आले. त्यांची प्रत डी ड्राइव्हवर घेतली, खोटे शॉर्टकट पुसले, पेन ड्राइव्ह फॉरमॅट करून फायली परत भरल्या. मुलानं प्रोजेक्टची फाइल उघडून शेवटचं पान बघितलं तेव्हा कुठे खुर्चीवर टेकला.

यापुढं खोलीत येणारा प्रत्येक पेन ड्राइव्ह आधी स्कॅन होईल. क्रमांक १ ते ५ वर विंडोज १० आहे, त्याला कंपनीकडून मिळणारे नेहमीचे सुरक्षा अपडेट १४ ऑक्टोबरलाच संपले, म्हणून तिथं तर जास्तच जपायला हवं.

शुक्रवार, १४ नोव्हेंबर

आज आमच्या भागात पाणी सोडायचा दिवस, भांडी भरून उशिरा पोचले. वह्या तपासल्या. क्रमांक ३ ची वही कोरी, तिथला माउसच बंद होता. बदलला.

सोमवार, १७ नोव्हेंबर

आठवड्याभराच्या वह्या मांडून बसलो. ३८६ चित्रं होती आणि लोकांनी प्रत्यक्षात क्लिक केलं ते पुन्हापुन्हा त्याच सातांवर : इंटरनेट, मराठी लिहायचं, टंकलेखन सराव, पीएफ पासबुक, शिष्यवृत्ती, पीडीएफ आणि आपल्या फायली ठेवायचा फोल्डर. बाकी एकदा-दोनदा कुणी कॅल्क्युलेटर, कुणी चित्रं काढायचं.

हे सात ठेवायचे ठरवले आणि नावं मराठी केली. शॉर्टकट निवडून एफ-२ दाबायचं आणि लिहायचं, चिठ्ठीवरचं नाव बदललं तरी गठ्ठ्याला काही होत नाही. ‘इंटरनेट’, ‘मराठी लिहा’, ‘टायपिंग सराव’, ‘पीएफ पासबुक’, ‘शिष्यवृत्ती फॉर्म’, ‘पीडीएफ’, ‘माझ्या फायली’. दोन्ही वेबसाइटचे पत्ते अक्षर अक्षर तपासून नवे शॉर्टकट केले. ब्राउझरच्या पत्त्याच्या डावीकडचं चिन्ह धरून डेस्कटॉपवर ओढलं की तो तयार होतो. मग ‘चेंज आयकॉन’मधून दोघांना वेगळी चित्रं दिली. पासबुकाला अर्थातच निळं. अक्कांच्या नातीला बोलावून त्या नावापुढे तेलुगूतही लिहून घेतलं, विंडोजला फाइलच्या नावात तेलुगू चालतं.

मुलाचं म्हणणं वेगळं होतं. डेस्कटॉपवर राइट-क्लिक करून ‘व्ह्यू’मधली ‘शो डेस्कटॉप आयकॉन्स’ची खूण काढली की सगळंच लपतं, लोकांनी स्टार्टमध्ये नाव टाइप करून शोधावं. त्याच्यासाठी ते बरोबर आहे, तो माउसला हातही न लावता काम करतो. पण जिला अक्षर सापडायला कीबोर्डवर बोट फिरवावं लागतं तिला शोधा म्हणणं म्हणजे दार लावून घेणं. सात ठेवले.

गुरुवार, २० नोव्हेंबर

आज सगळं पक्कं केलं. रोजच्या वापराचं ‘वाचक’ खातं नऊही ठिकाणी साधं म्हणजे ‘स्टँडर्ड’ केलं, इतके दिवस ते व्यवस्थापकाच्या अधिकारांचं होतं. सगळ्या घाणीचं दार तेच. सात शॉर्टकट सामाईक डेस्कटॉपमध्ये ठेवले. पाच तारखेला जी गोष्ट अडचण वाटली होती तीच आता कामाला आली, कारण तिथले शॉर्टकट साध्या खात्यातून चुकूनही पुसले जात नाहीत.

पण साधं खातं म्हणजे पूर्ण बंदोबस्त नव्हे. काही प्रोग्राम व्यवस्थापकाची परवानगी न मागता फक्त त्या खात्यापुरते ‘अ‍ॅपडेटा’मध्ये बसतात आणि त्या खात्याच्या डेस्कटॉपवर आयकॉन टाकतात. म्हणून दर सोमवारी अर्धा तास फेरी मारायची.

लोकांनी डेस्कटॉपवर ठेवलेल्या खऱ्या फायली ‘माझ्या फायली’ फोल्डरमध्ये हलवल्या. संगणकावर एक पुठ्ठा चिकटवून ते लिहिलंही. कुणाचा बायोडेटा, कुणाचा जातीचा दाखला, कुणाच्या आजोबांचा फोटो. यातलं काहीही न विचारता पुसणार नाही.

सोमवार, २४ नोव्हेंबर

फेरी. रात्री अपडेट झालेल्या तीन संगणकांवर ब्राउझरचा जादा शॉर्टकट परत आला होता. हलवला. क्रमांक ५ वर एक गेम, ज्यानं बसवला तो मुलगा समोरच होता, त्याच्याच हातानं अनइन्स्टॉल करून घेतला. पंधरा मिनिटांत सगळं आटोपलं.

शनिवार, २९ नोव्हेंबर

अकरावीतली ती मुलगी आज आली, अर्ज दुरुस्तीसाठी परत आला होता. क्रमांक ४ वर बसली, ‘शिष्यवृत्ती फॉर्म’ वाचलं, क्लिक केलं, दाखला बदलून पुन्हा पाठवला. मला हाक मारली ती फक्त प्रिंटरमध्ये कागद संपला म्हणून. आई दारातच उभी होती. म्हणाली, “झालं पण?”

शुक्रवार, ५ डिसेंबर

महिना झाला. ‘जुने शॉर्टकट’ फोल्डर नऊही संगणकांवर उघडून बघितले, महिन्याभरात तिथं मिळून २१८ शॉर्टकट गेले होते. या महिन्यात त्यातले दोनच कुणी मागितले. एक अक्कांचा. दुसरा क्रमांक २ वरचा बुद्धिबळाचा, दोन निवृत्त गिरणी कामगार रोज चारला येऊन खेळतात, त्यांनी सत्तावीस तारखेला विचारलं आणि त्याच दिवशी जागेवर ठेवला. उरलेल्या २१६ पैकी प्रत्येकाचं टार्गेट या वेळी उघडून पाहिलं, दुपार गेली. मग पुसले.

क्रमांक २ वर आता सातांऐवजी आठ आयकॉन आहेत.